मांस मोडायचं नाही

सकाळी साडेसहाला स्वयंपाकघराचं मागचं दार उघडलं की आधी चिखलाचा वास यायचा. दक्षिण कॅरोलायनात चार्ल्स्टनच्या आसपास ओहोटी लागली की खाडीतला काळाभोर गाळ उघडा पडतो. तिथली माणसं त्याला 'प्लफ मड' म्हणतात. नव्या माणसाला तो वास कुजकट वाटतो. मला पहिल्या दिवशी रेवदंड्याची खाडी आठवली आणि मी दारातच थोडा वेळ उभी राहिले.

नवऱ्याच्या नोकरीमुळे मी अमेरिकेत आले, तेव्हा मला काम करायची परवानगी नव्हती. 2015 साली नियम बदलला आणि माझ्यासारख्या काही बायकांना कामाचा परवाना मिळू लागला. पुढच्या वर्षी ते कार्ड हातात पडलं. शिक्षण वाणिज्य शाखेचं, पण इतकी वर्षं घरात बसून काढल्यावर मला आकड्यांपेक्षा माणसांची आणि हातांना कामाची गरज होती. माउंट प्लेझंटमध्ये शेम क्रीक नावाची खाडी आहे, कोळंबीच्या बोटी तिथे लागतात. तिच्याजवळच्या एका मासळीच्या हॉटेलात सकाळच्या पाळीला तयारीसाठी माणूस हवं होतं. खेकडे सोलता येतात का, एवढंच त्यांनी विचारलं. मी अलिबाग तालुक्यातली, चिंबोऱ्या खातच मोठी झालेली. येतात, म्हटलं.

येत नव्हते. ते मला पंधरा मिनिटांत कळलं.

आपल्याकडे चिंबोरी सोलत नाहीत, फोडतात. कालवणात शिजलेली नांगी दाताखाली धरायची, कवच फुटलं की चोखायचं, बोटांनी कोरायचं, मसाल्यासकट जे निघेल ते तोंडात. मांस अख्खं राहिलं की चुरलं, याची फिकीर कोण करतो! इथे मात्र खेकड्यातून मांस असं काढायचं होतं, की त्याला आपण हात लावल्याचं कळू नये.

मला शिकवलं ते स्वयंपाकघरातल्या सगळ्यात जुन्या बाईने. वय साठीच्या पुढे, मूळची तिथल्याच एका बेटावरची, गला-गीची समाजातली. भातशेतीसाठी पश्चिम आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या लोकांचे हे वंशज. त्यांची स्वतःची बोली आहे, स्वतःची भाताची रांधणी आहे. त्यांच्या वस्तीचा उत्तर कॅरोलायनापासून फ्लोरिडापर्यंतचा किनारी पट्टा 2006 साली अमेरिकेच्या काँग्रेसने वारसा म्हणून मान्य केला. वयाने मोठ्या बाईला दक्षिणेत नुसत्या नावाने हाक मारत नाहीत, नावाआधी 'मिस' लावतात. सगळे तिला तसंच म्हणायचे. मी मनात मावशी म्हणायचे, इथेही तेच म्हणते.

तिने वाफवलेला एक खेकडा घेतला. हा तिथला निळा खेकडा. जिवंत असताना पाठ शेवाळी आणि नांग्या निळ्या, वाफवला की सगळाच तांबूस होतो. 1896 साली मेरी रॅथबन या अभ्यासक बाईंनी त्याला शास्त्रीय नाव दिलं, कॅलिनेक्टेस सॅपिडस. म्हणजे सुंदर पोहणारा, चविष्ट. शास्त्रीय नावात चवीची दाद देणाऱ्या त्या बाईंबद्दल मला फार आपुलकी वाटते.

मावशीने तो उलटा केला. पोटाखाली दुमडलेली पट्टी नराची अरुंद असते, मोठ्या मादीची रुंद, घुमटासारखी. मादीच्या नांग्यांची टोकंही लाल असतात, नखं रंगवल्यासारखी. पट्टीखाली सुरीचं टोक घालून तिने ती उचलली, पाठ ओढून वेगळी केली. दोन्ही बाजूंचे राखाडी मऊ कल्ले खरवडून टाकले. 'मेलेल्या माणसाची बोटं' असं त्यांचं तिथलं नाव. मग मधोमध दोन तुकडे. पाय मुळाशी तोडले आणि उरलेल्या भागावर सुरीचा एकच तिरका काप घेतला. वरचं पातळ कवच टोपीसारखं निघून आलं. आत, वल्ह्यासारख्या मागच्या पायाच्या बुडाशी, पांढराशुभ्र गोळा होता. सुरीचं टोक त्याच्या बाजूने फिरवून तिने तो अलगद उचलला आणि माझ्या तळहातावर ठेवला. अजून कोमट होता. सोललेल्या लसणाच्या मोठ्या पाकळीएवढा, आणि एकसंध.

"पोहायचं सगळं बळ यात आहे," ती म्हणाली. "एका खेकड्यात असे दोनच. मोडलास तर परत जोडता येणार नाही."

यालाच बाजारात जंबो लम्प म्हणतात. त्याखालोखाल लम्प, मग बॅकफिन, मग अंगातलं बारीक मांस म्हणजे स्पेशल, आणि शेवटी नांगीचं. नांगीचं मांस तपकिरी आणि दिसायला साधं, पण माझ्या मते चव सगळ्यात जास्त त्यालाच. ही प्रतवारी बसवण्याचं श्रेय मेरीलँडमधल्या सेंट मायकल्स गावच्या फ्रेडरिक ज्युएट यांना दिलं जातं. विल्यम कोलबर्न यांच्याबरोबर त्यांनी 1902 साली मासळी भरून पाठवण्याचा कारखाना काढला होता. दोघेही कृष्णवर्णीय, आणि तो काळ लक्षात घ्या. अशा कारखान्यांत खेकडे सोलायला बसायच्या त्या बहुतेक कृष्णवर्णीय बायका. आज मेरीलँडच्या किनाऱ्यावर हे काम करायला मेक्सिकोतून बायका हंगामी परवान्यावर येतात, मुलंबाळं मागे ठेवून. मजुरी पाऊंडावर. सराईत हाताला एका खेकड्याला मिनिटभरही लागत नाही. मला पहिल्या आठवड्यात आठ-आठ मिनिटं लागत होती, आणि एक पाऊंड मांस निघायला बारा-पंधरा खेकडे. सोललेल्या मांसाचा डबा दुकानाच्या फडताळात दिसला की तेव्हापासून मी किंमत बघायच्या आधी तो हिशेब करते.

हॉटेलातले वडे म्हणजे क्रॅब केक दुपारच्या जेवणाला जायचे. शब्द म्हणून मी 'वडा' वापरते, पण माझी पहिली चूक नेमकी त्या शब्दाने झाली. मिश्रण करायला दिलं तेव्हा मी ते कोथिंबीरवडीच्या पिठासारखं मळलं. अंडं, मेयोनेझ, मोहरी, बिस्किटांचा चुरा, सगळं एकजीव व्हायला हवं, एवढंच माझ्या हाताला माहीत होतं. मावशी परत आली तेव्हा परातीत एकसारखा गुळगुळीत गोळा होता. तीन पाऊंड मांस. कुणीतरी पहाटेपासून सोललेलं. तिने बोटाने तो उकलून पाहिला. आत एकही गोळा शाबूत नव्हता. ती रागावली नाही, पण बराच वेळ गप्प राहिली, आणि मला ते जास्त लागलं. त्या दिवशी तिने त्या मिश्रणाच्या छोट्या गोळ्या तळून सगळ्या कामगारांना खायला दिल्या. केक म्हणून एकही पान बाहेर गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी तिने माझ्यासमोर क्रम उलटा करून दाखवला. आधी सगळं ओलं एका भांड्यात घोटायचं, जितकं घोटायचं तितकं. त्यात चुरा घालायचा. मांस शेवटी, वरून पसरायचं, आणि हात पंजासारखा मोकळा ठेवून खालून वर उचलायचं. पाच-सहा वेळा, बस. कुठे मसाला लागला नसेल तर राहू दे. मिश्रण हातात घेतलं की नीट जुळत नाही असं वाटतं, आणि तिथेच आणखी चुरा टाकायचा मोह होतो. तो आवरायचा. त्याऐवजी गोळे थापून तासभर फ्रीजमध्ये ठेवायचे. तेवढ्या वेळात चुरा ओल पिऊन फुगतो, मेयोनेझ गार होऊन घट्ट होतं, आणि पुढे तव्यावर अंडं आळलं की तेच सगळ्याला धरून ठेवतं. घाई केली तर केक उलटताना फुटतो आणि मग आपण पिठाला दोष देतो.

मावशी त्यात लोण्यावर परतलेला बारीक कांदा आणि सेलरी घालायची, गार करून. मेरीलँडचे लोक याला नाकं मुरडतात. त्यांच्या मते मांस, थोडं बांधायला काहीतरी आणि ओल्ड बे मसाला, की झालं. भाज्या घालणं म्हणजे मांस वाढवणं. मला हा वाद ऐकताना नेहमी मावशीची आई आठवते, मी तिला कधी पाहिलेलं नसलं तरी. राहिलेल्या मांसात शिळा पाव, कांदा, मोहरी मिसळून ती ते खेकड्याच्या पाठीच्या कवचातच भरायची आणि भाजायची. डेव्हिल्ड क्रॅब. थोड्या मांसात घरातल्या सगळ्यांचं पोट भरायचं. वाढवलं म्हणून नाक मुरडायचं असेल तर आधी कुणाच्या घरात किती होतं हे विचारायला हवं. मात्र हातात जंबो लम्प असताना त्याला पिठात गाडणं हा मला आजही अपराध वाटतो.

त्या ओल्ड बेबद्दल सांगायलाच हवं. गुस्ताव ब्रन हे जर्मनीतले ज्यू मसाला व्यापारी. 1938 मध्ये नाझींनी त्यांना बुखेनवाल्डच्या छावणीत डांबलं. तिथून सुटून ते कुटुंबासह बाल्टिमोरला आले, ते मसाला दळायचं एक छोटं यंत्र बरोबर घेऊन. बाजारात लोक वाफवलेले खेकडे खाताना पाहून त्यांनी सेलरी मीठ, पॅप्रिका, मिरी, लाल मिरची असा मसाला बांधला. त्याला नाव दिलं उपसागरातून ये-जा करणाऱ्या एका जुन्या बोट कंपनीचं. मी अमेरिकेला निघाले तेव्हा आईने माझ्या बॅगेत घरच्या मसाल्याचे दोन पुडे कपड्यांत गुंडाळून ठेवले होते. ब्रन यांच्या यंत्राची गोष्ट वाचली त्या दिवशी मला ते पुडे आठवले. माझं जाणं सुखाचं होतं, त्यांचं जीव वाचवण्यासाठी होतं, याची जाणीव ठेवूनच मी हे लिहिते. पण घर सोडताना माणूस मसाला बरोबर घेतो, हे मला कळतं.

एकदा एक पान परत आलं. केकमध्ये कवचाचा तुकडा निघाला होता. तो डबा मी तपासलेला. मावशीने उरलेलं मांस मोठ्या ट्रेवर पातळ पसरलं आणि मला म्हणाली, "डोळे मिट." पांढऱ्या मांसात पातळ पांढरं कवच डोळ्यांना दिसत नाही. बोटांची टोकं अगदी हलकी, तापलेल्या कपाळावर हात ठेवावा तशी फिरवायची. मी डोळे मिटून तो ट्रे तीनदा तपासला. चार तुकडे निघाले. सगळ्यात मोठा मुगाच्या सालीएवढा. त्यानंतर मी कवचासाठी डोळ्यांवर कधी विसंबले नाही.

घरी करायला लागले ते हॉटेल सोडल्यावर, मुलगी झाली तेव्हा. आता माझं प्रमाण ठरून गेलंय. एक पाऊंड म्हणजे साधारण 450 ग्रॅम मांस, त्यातलं निम्मं तरी लम्प. एक अंडं, पाव कप मेयोनेझ, एक चमचा मोहरीची पेस्ट, एक चमचा वूस्टरशायर सॉस, एक चमचा ओल्ड बे, अर्ध्या लिंबाचा रस, चिरलेली पार्सली, आणि दहा-बारा खारी सॉल्टिन बिस्किटं हाताने चुरून. मीठ वेगळं नाही, बिस्किटांत आणि मसाल्यात पुरेसं असतं. मेयोनेझ ड्यूक्सचंच. ग्रीनव्हिल गावच्या युजेनिया ड्यूक या बाईंनी 1917 मध्ये जवळच्या लष्करी छावणीतल्या सैनिकांना सँडविच विकायला सुरुवात केली, त्या सँडविचमधलं हे मेयोनेझ. त्यात साखर नसते. खेकड्याचा स्वतःचा गोडवा इतका नाजूक असतो, की दुसरी साखर त्यावर पडली की तो गेलाच.

यातून सहा केक होतात. तवा बिडाचा, जाड. निम्मं लोणी निम्मं तेल, कारण नुसतं लोणी करपतं. आच मध्यम. केक ठेवला की चार मिनिटं त्याला हात लावायचा नाही. कडेने सोनेरी रेघ वर चढताना दिसते, तेव्हा पातळ उलथणं खाली पूर्ण सरकवायचं आणि दुसऱ्या हाताची बोटं वरून टेकवून उलटायचं, झोपलेल्या बाळाची कूस बदलावी तसं. आणखी चार मिनिटं. खेकडा आधीच शिजलेला असतो, आपण फक्त अंडं आळवतो आणि वर पापुद्रा आणतो.

आता सॉस. दक्षिणेत याबरोबर रेमुलाड देतात. मूळ फ्रेंच, पण लुइझियानाने त्याला मिरची लावून आपलंसं केलं. एक कप मेयोनेझमध्ये दोन मोठे चमचे क्रिओल मोहरी, बारीक चिरलेली कांद्याची पात, केपर्स, पॅप्रिका, थोडी लाल मिरची, लिंबू, आणि चमचाभर किसलेलं हॉर्सरॅडिश. हे हॉर्सरॅडिश पहिल्यांदा किसलं तेव्हा ठसका नाकातून थेट कपाळात गेला आणि मी मोठ्याने म्हणाले, "ही तर फेसलेली मोहरी!" तो झणका दोन्हींत एकाच द्रव्याचा असतो, आणि तो दाणा किंवा मूळ चेचल्यावरच तयार होतो. आजी पाट्यावर पाण्याचा हबका मारत मोहरी फेसायची आणि दर थोड्या वेळाने वास घ्यायची. नाकात झिणझिण्या आल्या की थांबायची. आता घरी मी क्रिओल मोहरी आणत नाही. मोहरी दोन तास व्हिनेगरमध्ये भिजवून खलबत्त्यात जाडसर फेसते. अर्धे दाणे अख्खे राहतात, ते सॉसमध्ये दाताखाली फुटतात. मावशीला बाटलीभर नेऊन दिलं तेव्हा तिने बोटावर घेऊन चाखलं, डोळे पुसले आणि झाकण घट्ट लावून ते स्वतःच्या पिशवीत टाकलं.

सॉस केकवर ओतू नये. बाजूला ठेवावा. इतक्या जपून राखलेला पापुद्रा त्याखाली दोन मिनिटांत भिजून जातो.

2019 च्या मे महिन्यात आई आली. तिला मी धक्क्यावर घेऊन गेले. तिथे सुतळीला कोंबडीची मान बांधून पाण्यात सोडतात, दोरी जड झाली की हळूहळू वर घेतात आणि खालून जाळी घालतात. आईने सुतळी हातात घेतली ती दुपार होईपर्यंत सोडली नाही. पहिली मोठी मादी आली तिच्या पोटाखाली नारिंगी अंड्यांचा पुंजका होता, स्पंजासारखा. अंडी असलेली मादी परत सोडायची, तसा तिथला कायदा आहे, आणि ज्याची पाठ टोकापासून टोकापर्यंत पाच इंचांहून कमी असेल तो खेकडाही सोडायचा. मी आईला सांगेपर्यंत तिने जाळी पाण्यात बुडवून ती मादी मोकळी केली होती. "आत लाख असती तर गोष्ट वेगळी," ती म्हणाली. लाख म्हणजे चिंबोरीच्या आतली गाभोळी. "ही तर बाळंतीण." मग थोड्या वेळाने विचारलं, "अमावास्या कधी आहे गं? पुनवेच्या चिंबोऱ्या पोकळ निघतात."

निघाल्या भरलेल्याच. आठ मिळाल्या, एक पाऊंड मांसही निघणार नव्हतं, म्हणून डबा विकत आणून त्यात मिसळला. आई ओट्याशी उभी राहून माझं सोलणं बघत होती. पाय मुळाशी तोडून मी बाजूच्या बादलीत टाकत होते. तिने बादली उचलली.

"हे टाकतेस?"

"त्यात काही निघत नाही, आई."

तिने उत्तर दिलं नाही. पाय धुतले, मिक्सरमध्ये पाणी घालून फिरवले, फडक्यातून गाळले. राखाडी-गुलाबी पाणी भांडंभर निघालं. त्यात भाजलेलं कांदाखोबरं, लसूण, तिने आणलेला मसाला, दोन कोकमं. एका चुलीवर तिचा रस्सा रटरटत होता, दुसरीवर माझा बिडाचा तवा तापत होता. मला सवय मांस जपायची, तिला काहीच वाया न घालवायची. मी खेकड्यातून काढत आणि वगळत गेले होते, तिने वगळलेलं सगळं उचलून घेतलं होतं. जेवायला बसलो तेव्हा भाताच्या वाफेत दोन्ही वास होते आणि मला कुठला आधी घ्यावा हे सुचेना.

आईने केक काट्याने नाही, हाताने मोडला. आतून गोळे अख्खे सुटे झाले, पांढरे, चकचकीत. तिने एक उचलून उजेडात धरला. "एवढं अख्खं मांस मी आयुष्यात पाहिलं नाही. चिंबोरीच्या आत असं असतं होय?" मग खाल्लं. सावकाश. सॉस चाखला, मोहरी ओळखली, मान हलवली. मी बघत होते.

"चांगलं झालंय," ती म्हणाली. "पण हाताला कामच नाही. सगळं तूच करून ठेवलंस."

आणि मग ती चावताना थांबली. कच्च असा बारीक आवाज मीही ऐकला. माझ्या पोटात गोळा आला. तीनदा बोटं फिरवली होती, डोळे मिटून. आईने जिभेच्या टोकावरून तो तुकडा काढला, नखाएवढाही नव्हता, आणि ताटाच्या कडेला, मिठाशेजारी ठेवला.

"आता कसं," ती म्हणाली, "चिंबोरी खाल्ल्यासारखं वाटलं."

आणि तिने दुसरा केक घेतला.